तिसऱ्यांदा विचारायला हवं होतं

शिऱ्याचा डबा मी पूर्ण उघडलाही नव्हता आणि ओक-जू 'हो' म्हणाली. झाकण माझ्या हातात तसंच राहिलं.

बाकी कुणाला यात काही वाटणार नाही. आजारी बाई, समोर गरम शिरा, विचारलं खाशील का, म्हणाली हो. पण इतक्या वर्षांत ओक-जू पहिल्या विचारण्याला कधी 'हो' म्हणाली नव्हती. कितीही भूक असो, आधी 'नको गं, आत्ताच जेवले.' मग मी पुन्हा विचारायचं, ती पुन्हा 'छे, खरंच नको.' मग मी जवळजवळ भांडून ताट तिच्या पुढ्यात आदळायचं, आणि मग बाईसाहेब अशा जेवायच्या की मंदारसाठी, म्हणजे माझ्या नवऱ्यासाठी, मला कुकर पुन्हा लावावा लागायचा. त्या दुपारी तिने ते दोन्ही नकार गाळून टाकले. आयुष्यभर पटकथा लिहिलेली बाई, कुठली वाक्यं गाळायची हे तिला कळणारच. डॉक्टर आठवडाभर आडून आडून जे सांगत होते ते मला त्या एका 'हो'मध्ये कळलं. दोन चमचे खाल्ले तिने. मग म्हणाली, 'बस. आता शेवट सांगते, ऐक...' त्या शेवटाबद्दल पुढे सांगते. त्याच आठवड्यात ती गेली. किराणा घेऊन मी गाडीत बसले होते, मांडीवर कोथिंबिरीच्या जुड्या, आणि फोनवर तिच्या मुलीचा मेसेज आला... 'शी इज गॉन, इमो.' इमो म्हणजे कोरियन भाषेत मावशी. मी ती कोथिंबीर घट्ट धरून पार्किंगमध्ये ओक्साबोक्शी रडले. एक अमेरिकन बाई काचेवर टकटक करून 'आर यू ओके?' विचारून गेली. मी 'येस' म्हटलं आणि ती गेली. इथे एकदाच विचारतात.

सिअ‍ॅटलजवळच्या या बॉथेलमध्ये आम्ही नागपूरहून नवे नवे आलो होतो तेव्हाची गोष्ट. इथल्या रेडीमेड पॅन्टी जिराफांसाठी शिवलेल्या असतात. मंदारच्या पॅन्टी छोट्या करून घ्यायला मी दाताच्या दवाखान्याशेजारच्या एका ड्रायक्लीनिंगच्या दुकानात गेले. काउंटरमागे गळ्यात टेप अडकवलेली एक ठेंगणी कोरियन बाई. माझ्याकडे वरून खालपर्यंत पाहून तिने पहिला प्रश्न काय विचारावा? 'तुझं वय काय?' मी नागपूरची. म्हटलं, 'काहून? वयावर रेट आहे का इथं?' म्हणजे इंग्रजीत तसंच काहीतरी म्हटलं. आम्हा दोघींचं इंग्रजी मोडकंच, इथे मी ते सगळं मराठीत लिहिते आहे. ती शांतपणे म्हणाली, 'वय कळल्याशिवाय तुझ्याशी कसं बोलायचं ते मी कसं ठरवू?' मी वय सांगितलं. तिचा चेहरा उजळला. 'म्हणजे मी मोठी. मला ऑन्नी म्हणायचं.' ऑन्नी म्हणजे ताई. ज्या देशात डॉक्टरलाही नावाने हाक मारतात आणि साहेबालाही, तिथे कुणीतरी मला माझी जागा नेमून दिली होती. मी धाकटी. इतकं बरं वाटलं म्हणून सांगू! मग माझ्या अंगातल्या जॅकेटची बाही लांब आहे असं तिनेच ठरवलं. माझ्या मनगटावर दोन बोटं टेकवली, आणि काही न बोलता माझा हात आपोआप वर गेला. तिची ती पद्धतच होती. मोठमोठे साहेबलोक त्या दोन बोटांनी शाळकरी पोरांसारखे हात वर करून उभे राहत.

पॅन्टी न्यायला गेले तर नवरा स्वतः का येत नाही, सासू कुठे असते, तिचं-माझं पटतं का... प्रश्नांची फैरच! मीही बावळट, सगळं रामायण ओतलं. टाचण्या तोंडात धरून तिने ते ऐकलं आणि म्हणाली, 'सासूला एखादा चांगला गुण दे. नाहीतर कुणी विश्वास ठेवणार नाही.' मी म्हटलं, अगं, ही गोष्ट नाहीये, माझी खरी सासू आहे! ती म्हणाली, 'तरी दे. मी पूर्वी सिनेमे लिहायचे, मला माहीत आहे.'

मला वाटलं, थापा. मग यूनाने, तिच्या मुलीने, एकदा लॅपटॉपवर दाखवलं. ओक-जूचं नाव खरंच पडद्यावर होतं.

विशीत असताना ती सोलमध्ये एका बड्या पटकथाकाराची सहायक म्हणून लागली. त्याचा चहा, त्याच्या सिगारेटी आणि त्याच्या सिनेमांतले सगळे रडायचे प्रसंग तिच्याकडे. नाव अर्थातच त्याचं. त्या काळी तिकडे निर्माते लेखकाला आणि दिग्दर्शकाला एखाद्या स्वस्त लॉजमध्ये नेऊन ठेवत, पटकथा पुरी झाल्याशिवाय सुटका नाही. ही तरुण मुलगी, म्हणून हिची आई सोबत. आई कोपऱ्यात लसूण सोलत बसायची आणि एखादा संवाद ऐकून मध्येच म्हणायची, 'असं कोण बोलतं?' की ते पान फाडायचं. पुढे स्वतःच्या नावाचा पहिला सिनेमा आला. बसस्टँडजवळ खानावळ चालवणाऱ्या बाईची गोष्ट. पोस्टरवर हिचं नाव इतकं बारीक की आईला ते वाचायला चष्मा काढून नाक लावावं लागलं. पण सिनेमा चालला! बायका थिएटरातून नाक पुसत बाहेर पडायच्या आणि ही पलीकडच्या फुटपाथवर उभी राहून ते बघायची. आणखी काही सिनेमे झाले. मग वारं फिरलं. सुऱ्या, टोळ्या, रक्त. चाळिशीतल्या बाईला कोण बोलावतं? दुसऱ्यांचे कोरडे संवाद विनानावाचे ओले करून देण्यावर काही वर्षं निघाली. तेवढ्यात नवऱ्याच्या भावाने इथलं दुकान सांभाळायला बोलावलं. यूना तेव्हा चालायला लागली होती. दोन वर्षांसाठी म्हणून आले. आपल्यातलंही कोण दोन वर्षांसाठी आलं नव्हतं?

नवरा हार्ट अ‍ॅटॅकने गेला, दुकान हिच्या गळ्यात पडलं, आणि यूना इंग्रजी झाली. ती इथेच एका बायोटेक कंपनीत काम करते, गुणी पोरगी आहे, पण कोरियन येतं ते जेवणापुरतं. वाचता जवळजवळ येतच नाही. आईने आयुष्यभर काय लिहिलं ते पोरीला वाचता येत नव्हतं. मी कुठल्या तोंडाने बोलू? माझी पोट्टी तरी हा लेख वाचणार आहेत थोडीच.

रविवारी दुकान बंद. मग ओक-जू माझ्याकडे यायची, दोन नकार आणि एक जेवण उरकायची आणि खिडकीजवळच्या खुर्चीत बसून 'काम' काढायची. हे काम काय होतं ते कुणाला सांगून पटत नाही. ती तिचा प्रसंग मला मोडक्या इंग्रजीत समजावून सांगायची आणि मी तो मराठीत बोलून दाखवायचा. सगळी पात्रं मीच. ती डोळे मिटून ऐकायची. मराठीचं एक अक्षर कळत नव्हतं तिला, आणि तेच तिला हवं होतं. म्हणायची, 'शब्द कळले की माणूस शब्दांना फसतो. न कळता पोटात कालवलं तर प्रसंग खरा.' आणि मध्येच हात वर करायची. 'इथे जास्त बोलतेय ती.' मी म्हणायचे, अगं, तुला काय कळलं गं? पण बघावं तर खरंच तिथे दोन वाक्यं फालतू असायची. लॉजच्या कोपऱ्यात तिची आई लसूण सोलत बसायची ना, ती जागा तिने मला दिली होती हे मला फार उशिरा कळलं.

त्या रविवारांमधून एक गोष्ट तयार होत होती. ड्रायक्लीनिंगच्या दुकानातली आई. मुलगा शाळकरी वयात भांडून घर सोडून गेलेला. त्याचा एक कोट दुकानात टांगलेला, न नेलेल्या कपड्यांच्या रांगेत. आई दर हिवाळ्यात तो कोट खाली काढते, आणि आता तो एवढा झाला असेल, असा अंदाज बांधून बाहीची आतली दुमड उसवते आणि बाही थोडी लांब करते. आतलं कापड संपतं तेव्हा जोड लावते. दरवर्षी. बस, एवढंच. मी पहिल्यांदा मराठीत हे बोलले तेव्हा मलाच पुढे बोलवेना. ती डोळे उघडून म्हणाली, 'तू रडू नकोस. तू रडलीस तर ते कशाला रडतील?' पण शेवट तिला सापडत नव्हता. मुलगा परत येतो, दुकानाचं दार उघडतो... आणि पुढे? दर रविवारी नवा शेवट, दर रविवारी रद्द.

आणि अशात तो फोन आला.

लॉस एंजेलिसचा कुणी तरुण निर्माता. कॉलेजात असताना त्याने तिचा खानावळीचा सिनेमा पाहिला होता म्हणे, तेव्हापासून शोधत होता. व्हिडिओ कॉल माझ्याच टेबलावर झाला. मी पलीकडे मटार सोलत होते. गोड बोलत होता पोरगा. तिने कोटाची गोष्ट सांगितली तर त्याचे डोळे भरून आले, मी पाहिलं. म्हणाला, 'तुम्ही ही आमच्यासाठी लिहाल?' ओक-जू ताठ बसली, मान झुकवली आणि म्हणाली, 'मी म्हातारी झाले. लिहिणं विसरले आता. तुम्ही कुणीतरी तरुण बघा.'

मला त्यात काही म्हणजे काहीच वावगं वाटलं नाही! अहो, असंच म्हणतात. पहिल्या फटक्यात 'हो' म्हणणारी बाई काय किमतीची? सोलमध्ये बडे दिग्दर्शक तिच्या दारात नासपतींची पेटी घेऊन यायचे, ती नाही म्हणायची, पुन्हा यायचे, पुन्हा नाही, तिसऱ्यांदा आले की मग लिहायला बसायची. आणि आपल्याकडे तरी काय? पंगतीत पहिल्याच वाढीला ताट पुढे करतो का कुणी? त्या निर्मात्याने मान डोलावली. म्हणाला, 'ओह. आय कम्प्लीटली अंडरस्टँड. आय रिस्पेक्ट दॅट.' लॅपटॉप मिटून ओक-जू माझ्याकडे बघून हसली. लाजलीच जवळजवळ. 'पहिल्यांदाचं झालं,' म्हणाली. तो घरी आला तर जेवायला काय करायचं इथवर आम्ही दोघींनी ठरवून टाकलं. मी पुरणपोळीवर अडून बसले होते.

तो काय येतो! दोन आठवडे गेले, महिना गेला. ती फोन गल्ल्याशेजारी उलटा ठेवायची, म्हणजे सारखं बघायला नको. आणि तो वाजला की हातातली पॅन्ट टाकून धावायची. कधी दात दाखवायची आठवण, कधी विम्याचा माणूस. मी म्हणायचे, मोठी माणसं, बिझी असतात. मला खात्री होती हो! शेवटी यूनाला कळलं आणि ती माझ्याच स्वयंपाकघरात किंचाळली, 'मॉम, यू सेड नो!'

'पहिलं नो,' ओक-जू म्हणाली.

'देअर इज ओन्ली वन नो!'

ओक-जू माझ्याकडे पाहायला लागली. मी यूनाकडे. तिथे, त्या टेबलाशी, आम्हा दोघींना एकदमच कळलं की तो माणूस पुन्हा विचारणार नव्हता. कधीच नव्हता. तो त्याच्या हिशेबाने सभ्यपणे वागला होता, आणि ही तिच्या. त्या पोराला दोष देता येत नाही याचा मला आजही संताप येतो. निदान हलकट तरी निघायचा होता.

यूनाने त्याला ईमेल केली. उत्तर आलं, फार प्रेमळ, की तो आता दुसऱ्या कामात अडकला आहे, कंपनीत यंदाचं सगळं ठरून गेलं, तिच्याविषयीचा आदर कायम राहील. आदर! त्या आदराचं काय करायचं, लोणचं घालायचं?

आणि मग तिच्या पोटात गाठ निघाली. डॉक्टरांनी केमो वगैरे सांगितलं, पण डोळ्याला डोळा देत नव्हते. तेव्हापासून ही बाई जी लिहायला बसली... दुकान यूनाच्या चुलत्याने चालवायला घेतलं आणि ही पलंगावर लॅपटॉप घेऊन. उलटी झाली की बादली बाजूला, पुन्हा टाइपिंग. मी ओरडायचे, जरा पड गं! ती म्हणायची, पडायचंच आहे मग. अर्धवट इंग्रजी सारांश करून तिने कुठे कुठे पाठवले. न वाचता परत आले, एजंटमार्फत आलेलंच बघतो म्हणून. सोलला फोन लावले. निम्मे लोक वारलेले. एके काळी तिच्या हाताखाली कागद लावणारा एक पोरगा आता मोठा निर्माता झाला होता, त्याच्या सेक्रेटरीने विचारलं, 'नाव पुन्हा सांगा, अक्षरं कशी लिहायची?' ओक-जूने एक एक अक्षर सांगितलं. त्याचा फोन आला नाही. फोन ठेवल्यावर ती मला म्हणाली, 'वैशाली, आता मी पहिल्यांदालाच हो म्हणेन. कुणालाही. विचारू दे तर कुणी.' मी भिंतीकडे तोंड करून तिच्या उशीचा अभ्रा बदलत बसले. तिच्या बोलण्यात इतकी अजिजी मी कधी ऐकली नव्हती. माझी ऑन्नी, जिच्या दारात नासपतींच्या पेट्या यायच्या, ती विचारा म्हणून हात जोडत होती आणि समोर कुणीही नव्हतं.

शेवटी डॉक्टरांनी औषधं थांबवली आणि तिला घरीच ठेवलं. हॉलमध्ये दवाखान्याचा पलंग, नर्स येऊन-जाऊन. शिऱ्याची दुपार तीच. दोन चमचे खाऊन तिने शेवट सांगितला, थांबत थांबत. टाइप करायची ताकद बोटांत नव्हती. मी म्हटलं, फोनवर रेकॉर्ड करू? मान हलवली. 'मराठीत बोल,' म्हणाली. मी बोलले. तिने हात वर केला, एक वाक्य गेलं. पुन्हा बोलले. पुन्हा हात. असं करत करत आईच्या तोंडी एकच वाक्य उरलं. मग हात उचललाच नाही तिने. मला वाटलं झोप लागली. डोळ्यांच्या कडांनी पाणी वाहत होतं. 'झालं,' म्हणाली. त्यानंतर ती माझ्याशी काही बोलली नाही.

गेल्या शनिवारी यूना माझा डबा परत द्यायला आली. रिकामा द्यायचा नसतो हे तिला आईने शिकवलेलं, म्हणून आत दुकानातली बिस्किटं. खिडकीजवळच्या खुर्चीत बसली नाही, तिच्या पाठीवर हात ठेवून उभी राहिली. म्हणाली, ऑफिसातल्या एका कोरियन मैत्रिणीकडून आईची फाइल वाचून घेतली, सगळीच्या सगळी. 'इट जस्ट स्टॉप्स, इमो. तो दार उघडतो अँड दॅट्स इट. शेवटच नाहीये. आईने तुला सांगितला ना? विल यू टेल मी?'

आणि मी काय म्हणाले असेन? 'छे गं, मला कुठे नीट सांगता येतंय ते. ते तुझ्या आईनेच सांगावं...'

मनात दुसरंच होतं. पण तोंडाला सवय जन्माची. यूनाने मान डोलावली. 'ओके,' ती म्हणाली. 'आय अंडरस्टँड.' आणि गाडीची किल्ली उचलली. लॅपटॉप मिटल्याचा आवाज मला पुन्हा ऐकू आला. ओरडायचं होतं, अगं थांब, असं एकदा विचारून जातात का!  ती दाराशी गेली. एक बूट घातला. दुसऱ्यात पाय घालता घालता थांबली. एक बूट घातलेलाच, तशीच परत आत आली.

'इमो, आय अ‍ॅम आस्किंग अगेन.'

का कुणास ठाऊक, मी नुसती मान हलवली. नको म्हणून.

'अँड अगेन,' ती म्हणाली. रडत होती आता. 'तीन झाले ना? आई म्हणायची तीनदा. प्लीज, इमो.'

मी तिला खांद्याला धरून खिडकीजवळच्या खुर्चीत बसवलं. तिच्या आईच्या. म्हटलं, मला फक्त मराठीतच येतं ते, तुला कळायचं नाही. ती म्हणाली, 'दॅट्स ओके.' मग मी सुरू केलं. मुलगा दुकानात येतो. थोराड झालेला, कपाळ मोठं झालेलं. नाव सांगत नाही. न नेलेल्या कपड्यांच्या रांगेतून आई तो कोट काढते आणि काही न बोलता त्याच्या अंगात घालते. छाती बसते, खांदे बसतात. बाही मात्र बोटभर कमी पडते. इतकी वर्षं अंदाज बांधला आणि बोटभर चुकला. मुलगा म्हणतो, असू दे, ठीक आहे. आई गळ्यातला टेप काढते. तिच्याजवळ बोलायला काय काय असतं, कुठे होतास, का गेलास, जेवलास का... ते सगळं ओक-जूने एक एक करून काढून टाकलं होतं. यूनाच्या स्वेटरच्या मनगटावर मी दोन बोटं टेकवली आणि आईचं ते उरलेलं वाक्य म्हटलं.

'हात वर कर.'

यूनाला मराठीचा एक शब्द येत नाही. तिने हात वर केला. लहान पोरीसारखा, पार सरळ. तो सिनेमा कुणी काढणार नाही, मला माहीत आहे. विचारणारंच कुणी नाही. मी तिची बाही चिमटीत धरून नुसती उभी होते. माझ्याकडे टाचणीसुद्धा नव्हती.